बँकर लागलं, नाना

रात्री बारा वाजून गेले की आमच्या घरात एक प्रश्न हमखास येतो.

"कंट्रोल, सिद्धेश्वरला बँकर लागलं का?"

कंट्रोल म्हणजे मी. माझी टीम अमेरिकेत आहे आणि मी कर्जतच्या घरून काम करते. त्यामुळे रात्री कानाला हेडफोन लावून, स्क्रीनकडे बघत कुणाशी तरी इंग्रजीत बोलत बसलेली असते. माझे आजोबा, नाना, कर्जत स्टेशनवर पॉइंट्समन होते. रात्रपाळीला कानाला यंत्र लावून बोलणारं माणूस रेल्वेच्या कंट्रोल ऑफिसचंच असणार, हा त्यांचा हिशोब तसा चुकीचा नाही.

बँकर म्हणजे गाडीला मागून जोडायचं जादा इंजिन. बोरघाटाचा चढ ३७ला १ आहे, म्हणजे ३७ मीटर पुढं गेलं की १ मीटर वर. भरलेली गाडी पुढच्या इंजिनाला एकट्याला ओढवत नाही, म्हणून कर्जतला थांबवून मागून इंजिनं लावतात आणि ती लोणावळ्यापर्यंत ढकलत नेतात. बाहेरचे लोक या थांब्यात वडापाव खातात. नानांनी त्या थांब्यात अख्खी नोकरी केली. आता त्यांना आजचा वार आठवत नाही, जेवलो की नाही ते आठवत नाही, पण बँकर लागायचं राहिलं तर काय होईल हे पक्कं आठवतं.

"लागलं, नाना," मी म्हणते. ते मान हलवतात आणि झोपतात.

हे खोटं बोलायला मला वेळ लागला. सुरुवातीला मी खरं सांगायचे. कोड लिहिणाऱ्या माणसाला चूक दिसली की हात शिवशिवतात. "नाना, तुम्ही रिटायर झालात. आज मंगळवार आहे. मी तुमची नात." ते गोंधळायचे, मग चिडायचे, मग चप्पल शोधायला लागायचे. आणि "तुझी आजी कुठाय?" याचंही मी एकदा खरं उत्तर दिलं. आजी जाऊन काही वर्षं झाली होती. नानांसाठी ती त्या क्षणी गेली. ते रडले. अर्ध्या तासानं त्यांनी पुन्हा विचारलं, "तुझी आजी कुठाय?"

मी किती वेळा तिला मारणार होते?

सुमित्रा भावे माझ्या आयुष्यात साधारण याच वेळी आल्या, आणि आल्या त्या मृत्यूच्या बातमीतून. १९ एप्रिल २०२१. दुसरी लाट जोरात होती, फोन उघडला की कुणीतरी गेलेलं असायचं. त्यात ही एक बातमी: ज्येष्ठ दिग्दर्शिका सुमित्रा भावे यांचं पुण्यात निधन, वय ७८. नाव अर्धवट माहीत होतं. 'कासव'ला सुवर्णकमळ मिळालं होतं एवढं आठवत होतं. 'श्यामची आई', 'श्वास', 'देऊळ', 'कोर्ट' यांच्यानंतरचा तो मराठी सिनेमा. लॉकडाऊनमध्ये त्यांचे सिनेमे एकामागून एक पाहत गेले. बहुतेक फोनवर, नानांच्या खाटेशेजारी बसून.

या बाई सिनेमाच्या शाळेत शिकलेल्या नव्हत्या. त्या समाजशास्त्राच्या. पुण्यात कर्वे समाजसेवा संस्थेत त्यांनी शिकवलं, आकाशवाणीवर बातम्या वाचल्या, वस्तीतल्या बायकांमध्ये जाऊन संशोधन केलं. त्यातून दलित बायकांच्या आत्मकथनांचं एक पुस्तकही झालं. आणि तिथं त्यांना अडचण दिसली. ज्या बायकांनी आपलं आयुष्य उलगडून सांगितलं, त्यांना तो अहवाल वाचताच येणार नव्हता. त्यांच्याबद्दलचं ज्ञान त्यांना वगळून सगळ्यांकडे जाणार होतं. म्हणून चाळिशी ओलांडल्यावर त्यांनी 'बाई' हा लघुपट केला, १९८५ साली. त्याला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये शिकलेले सुनील सुकथनकर सोबत आले आणि पुढची पस्तीस वर्षं दोघांनी मिळून सिनेमे केले. कथा, पटकथा, संवाद बहुतेक भाव्यांचे.

'दोघी', 'दहावी फ', 'वास्तुपुरुष', 'देवराई', 'नितळ'. स्किझोफ्रेनिया, अंगावरचं कोड, नापासांची तुकडी. 'एक कप च्या'मध्ये एसटी कंडक्टरला अवाच्या सवा वीजबिल येतं आणि तो माहितीच्या अधिकाराचा अर्ज करतो. विषयांची यादी वाचली तर शासकीय माहितीपट वाटतील. पण पाहताना जाणवतं की ही बाई आधी ऐकते, मग लिहिते. 'कासव'मध्ये जगण्याचा धीर सुटलेला एक तरुण जानकीच्या घरी येऊन पडतो. ती त्याला नाव, गाव, कारण विचारत बसत नाही. त्याला निजू देते, जेवू घालते, थांबते. मी असते तर पहिल्या दहा मिनिटांत पंधरा प्रश्न विचारले असते.

आणि 'अस्तु'. हा मी तीनदा पाहिला.

डॉ. चक्रपाणी शास्त्री, संस्कृतचे गाढे विद्वान, निवृत्त, अल्झायमर झालेले. ही भूमिका मोहन आगाशेंनी केली आहे, जे स्वतः मानसोपचारतज्ज्ञ आहेत. मुलगी इरा त्यांना गाडीत बसवून जरा वेळ बाजूला जाते. रस्त्यावरून हत्ती जातो. शास्त्री लहान मुलासारखे हरखतात, गाडीतून उतरतात आणि हत्तीच्या मागं चालू लागतात. इरा वेड्यासारखी शोधत राहते. इकडं हत्तीवाल्याची बायको चन्नम्मा या अनोळखी म्हाताऱ्याला जवळ करते, आणि त्यांना तिच्यात आई दिसायला लागते. या सिनेमासाठी भाव्यांना संवादांचा आणि चन्नम्मा झालेल्या अमृता सुभाषला सहायक अभिनेत्रीचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला.

पहिल्यांदा पाहिला तेव्हा मी इराच्या बाजूची होते. तिला बाबा आठवतात: पाठांतर, अभ्यास, शब्दाशब्दावरचं प्रेम. ते बाबा आता या देहात नाहीत, याचं तिला दुःख आहे. दुसऱ्यांदा पाहिलं तेव्हा चन्नम्मा दिसली. तिला आधीचे शास्त्री माहीतच नाहीत, त्यामुळे तिचं काही हरवलेलं नाही. समोर भुकेला म्हातारा आहे, एवढं तिला पुरतं. ती त्यांची कुठलीच चूक दुरुस्त करत नाही.

मी चन्नम्मा व्हायचं ठरवलं. डॉक्टरांनीही तेच सांगितलं होतं: वाद घालू नका, त्यांच्या जगात जा. मग मी त्यांच्या जगात इतकी गेले की गाड्यांची नावं पाठ झाली. "महालक्ष्मीला लागलं, नाना. आता सिद्धेश्वर आउटरला आहे." आजी माहेरी नेरळला गेली. दोन दिवसांत येईल. ते म्हणायचे, "भात लावणी असेल. येईल." घरात शांतता आली.

आमच्याकडे सिनेमा म्हटलं की कर्जत-चौक रस्त्यावरचा एन. डी. स्टुडिओ. नितीन देसाईंनी तिथं 'जोधा अकबर'साठी आग्र्याचा किल्ला उभा केला होता. शाळेत असताना बघायला गेलो तेव्हा आम्ही भिंतीवर टकटक करून पाहिलं होतं. आतून पोकळ. मला वाटलं, मीही नानांभोवती असाच सेट लावलाय. नेदरलँड्समध्ये वेस्प इथं २००९पासून अख्खं गावच असं आहे, होखवेक नावाचं. स्मृतिभ्रंश झालेले लोक तिथं राहतात. चौक, दुकान, कॅफे सगळं आहे, आणि दुकानात उभा असलेला माणूस खरं तर त्यांची काळजी घेणारा कर्मचारी असतो. काही लोकांना हे 'द ट्रूमन शो'सारखं वाटतं. पण त्या सिनेमातलं खोटं शहर ट्रूमनसाठी नव्हतं, टीव्हीसमोर बसलेल्यांसाठी होतं. होखवेक तिथं राहणाऱ्यांसाठी आहे. मी स्वतःला म्हटलं, माझा सेट नानांसाठी आहे. प्रश्न सुटला.

सुटला नव्हता.

नानांनी निवृत्तीच्या पैशातून खालापूरच्या बाजूला पाच गुंठे घेतले होते. पनवेल-कर्जत नव्या मार्गाचं काम सुरू झाल्यापासून त्या भागात रोज कुणीतरी भाव विचारत येतं. आमच्याकडेही आलं. नानांना चोवीस तास माणूस ठेवायचा खर्च वाढत होता. काका म्हणाले, "त्यांच्याच औषधपाण्याला लागतायत पैसे. कुलमुखत्यारपत्रावर सही घेऊन ठेवू. तुझं ऐकतात ते."

खरंच ऐकायचे. मी कागद पुढं केला आणि ज्या आवाजात रोज रात्री "बँकर लागलं" म्हणायचे, त्याच आवाजात म्हणाले, "नाना, पेन्शनचा कागद आहे. सही करा."

त्यांनी चष्मा मागितला. कागद उलटा धरला होता, मी सुलटा केला. त्यांनी हळूहळू पूर्ण नाव लिहिलं आणि खाली, कुणी न सांगता, लिहिलं: पॉइंट्समन, कर्जत.

त्या रात्री ते शांत झोपले. मला झोप लागली नाही.

मी स्वतःशी खूप वाद घातला. दोन्ही खोटी, दोन्ही त्यांच्या भल्यासाठी. एक खोटं चालतं तर दुसरं का चालू नये? उलट पहिलं जास्त खोटं. त्यातून त्यांना औषधाची गोळीसुद्धा मिळत नव्हती. दुसऱ्यातून मिळाली असती.

मग 'अस्तु'मधल्या हत्तीवरून दुसरा हत्ती आठवला. 'नरो वा कुंजरो वा' आपण आज कुणी गुळमुळीत बोललं की म्हणतो. पण मूळ गोष्टीत धर्मराजाचं वाक्य शब्दशः खोटं नव्हतं. अश्वत्थामा नावाचा हत्ती खरंच मेला होता. तथ्य तपासलं तर शंभर टक्के बरोबर. तरी त्याचा जमिनीपासून चार बोटं वर चालणारा रथ खाली टेकला. कारण द्रोणाचार्यांनी त्याला विचारलं होतं ते विश्वासानं, हा खोटं बोलणार नाही म्हणून. त्यानं तो विश्वासच हत्यारासारखा वापरला, द्रोणांनी शस्त्र खाली ठेवावं म्हणून.

माझं उलट होतं. "सिद्धेश्वरला बँकर लागलं" हे मी कुठं बघून सांगत नव्हते. पण कर्जत स्टेशनात रोज रात्री कुणीतरी ते लावतच असतं. नानांचा खरा प्रश्न इंजिनाचा नव्हताच. माझं काम कुणी करतंय ना, गाडी मागं घसरणार नाही ना, मी झोपलो तर चालेल ना, एवढं त्यांना विचारायचं होतं. त्याचं उत्तर 'हो' हेच खरं होतं. आजीच्या बाबतीत मला इतकी खात्री नाही. तिथं मी सोय पाहिली, त्यांची आणि माझीही. ते मी अजून मनाशी मिटवू शकलेले नाही.

कागदाबद्दल मात्र शंका उरली नाही. नाना शुद्धीत होते तेव्हा त्यांनी सांगितलेलं मला माहीत होतं: हा तुकडा विकायचा नाही, तिथं तुझ्या आजीनं आंबा लावलाय. त्यांचा 'नाही' त्यांना आठवत नव्हता, पण मला आठवत होता. रात्रीच्या खोट्यानं त्यांचं काही हिरावलं जात नव्हतं. या खोट्यात त्यांचा नकार मी त्यांच्या नकळत काढून घेतला. आणि तो काढता आला, कारण आधीच्या गोड खोट्यांनी माझा आवाज त्यांच्यासाठी विश्वासाचा झाला होता. चन्नम्मा व्हायचं म्हणून मी त्यांच्या जगात शिरले, आणि तिथून बाहेर येताना हातात सही घेऊन आले. चन्नम्माला शास्त्रींकडून काहीच नको होतं. हा फरक मी तीनदा सिनेमा पाहूनही सोडून दिला होता.

भाव्यांनी सिनेमा हातात घेतला तो, वस्तीतल्या बायकांकडून घेतलेलं त्यांच्यापर्यंत परत जावं म्हणून. सांगणाऱ्याला कळू नये अशा भाषेत त्याचा निकाल लावायचा नाही. स्वतःचं म्हणणं मांडता येत नाही अशा माणसांबरोबर त्यांनी पुढची सगळी वर्षं काढली. त्यांचा शेवटचा सिनेमा 'दिठी', दि. बा. मोकाशींच्या कथेवरचा, त्या गेल्यावर साधारण महिन्याभरानं आला. त्यात मुलगा वाहून गेलेला लोहार रामजी दुःखानं दगड झालेला असतो, आणि अडलेल्या गाईला सोडवायला त्याला बोलावलं जातं. त्याच्या हातांना काम आठवतं. मी नानांच्या हातांकडं बघत होते. सहीखाली हुद्दा त्या हातांनीच लिहिला होता.

कागद मी काकांना दिला नाही. वकिलाला विचारलं, तो म्हणाला की अशा अवस्थेतली सही तशीही टिकत नाही; रीतसर कोर्टातून पालक नेमून घ्यावा लागतो. ती वाट लांबची आणि खर्चाची आहे. काका माझ्याशी बोलत नाहीत. त्यांचंही चुकत नाही. महिन्याचा खर्च खराच आहे. सध्या माझ्या पगारातून जातो, आणि तो किती दिवस पुरेल मला माहीत नाही. कदाचित एक दिवस ती जागा विकावीही लागेल. तेव्हा निदान कागदावर लिहिलेलं असेल की हे दुसऱ्यानं ठरवलं, नानांनी नाही.

एक गोष्ट मात्र केली. एका रात्री कॉल संपल्यावर खाटेपाशी बसले आणि म्हणाले, "नाना, त्या दिवशीचा कागद पेन्शनचा नव्हता. मी खोटं बोलले. जागा विकायचा होता." त्यांना यातलं काही कळणार नाही हे माहीत होतं. तरी ज्याची गोष्ट त्याला सांगायला हवी होती.

त्यांनी माझ्याकडं बराच वेळ पाहिलं.

"मग लाल दाखव," ते म्हणाले. "गाडी थांबव."

ते कुठल्या गाडीबद्दल बोलत होते मला माहीत नाही. मी म्हटलं, "दाखवला, नाना." हे मात्र खरं होतं.

"बरं," ते म्हणाले, आणि कुशीवर वळले. बाहेर स्टेशनाच्या बाजूनं इंजिनाचा आवाज येत होता. कुणीतरी बँकर लावत होतं.