शून्य तास आणि जुनी लेखणी

मे १९४५ मध्ये युद्ध संपले, त्या घडीला जर्मन लोक ‘शून्य तास’ म्हणत आले: जुने सारे संपले, पाटी कोरी झाली. सिनेमापुरता हा दावा पारखायचा तर दिग्दर्शकांइतकीच पटकथाकारांची नावेही पाहावीत, आणि हर्बर्ट राइनेकर या नावापाशी थांबावे. १९४४ साली, जर्मनी हरत असताना, त्याने दिग्दर्शक आल्फ्रेड वाइडेनमानबरोबर ‘युंगे आडलर’ लिहिला. विमान कारखान्याच्या संचालकाचा लाडावलेला मुलगा तिथेच शिकाऊ कामगार होतो आणि सवंगड्यांत राहून सुधारतो. पोरांना युद्धयंत्रात हसतमुखाने बसवणारी ही गोष्ट. राइनेकर स्वतः वाफेन-एसएस या नाझी सशस्त्र दलाचा युद्धवार्ताहर होता. दहा वर्षांनी याच जोडीचा ‘कानारिस’ आला. त्यात लष्करी हेरखात्याचा प्रमुख सज्जन, हताश देशभक्त. पाप एसएसचा नेता हायड्रिख याच्यासारख्या मोजक्यांच्या माथी. १९५७ च्या ‘डेर श्टेर्न फॉन आफ्रिका’त पुन्हा एक शूर, कोवळा वैमानिक. घोषणा गेल्या होत्या. आपण फसवले गेलो, हा दिलासा त्यांच्या जागी आला. तो प्रेक्षकाला हवाच होता.

सिनेमा दिग्दर्शकाचा, मग लेखकाला का धरायचे, असे कोणी म्हणेल. पण दोषी कोण आणि कीव कोणाची करायची, हे बहुधा आधी कागदावरच ठरते. दुसरा आक्षेप अधिक बळकट आहे आणि तो राइनेकरच्याच कामातून येतो: माणूस बदलत नाही का? १९५५ चा ‘किंडर, म्युटर उंड आइन गेनेराल’ त्याच्याच कादंबरीवर बेतला होता, आणि निर्माता होता नाझींमुळे देश सोडावा लागलेला ज्यू एरिख पोमर. युद्धाच्या अखेरीस आघाडीकडे पळालेल्या शाळकरी पोरांना परत आणायला आया निघतात. ‘युंगे आडलर’ला याहून थेट उत्तर नाही, आणि त्यातली कळकळ मला खरी वाटते. तरीही या पोरांच्या डोक्यात आघाडीची ओढ भरणाऱ्या गोष्टी कोणी लिहिल्या, हा प्रश्न तो चित्रपट विचारत नाही. तो उत्तराच्या दारापर्यंत जातो आणि तिथून वळतो.

पुढे अपराध हाच राइनेकरचा विषय झाला. १९७४ ते १९९८ या काळात ‘डेरिक’ या पोलीस मालिकेचे २८१ भाग निघाले. सुखवस्तू घरांत शिरून, सभ्य माणूस खून कसा करतो, असे खिन्नपणे विचारणारा तो इन्स्पेक्टर शंभरहून अधिक देशांत पोहोचला. सगळे भाग राइनेकरनेच लिहिले. जर्मन सिनेमाच्या इतिहासात त्याची बोळवण तळटिपेत करणे ही चूक आहे.