श्रेयनामावलीतले दुसरे नाव

नाशकात सिनेमाचा विषय निघाला की तो दादासाहेब फाळक्यांपासून सुरू होतो आणि बहुधा तिथेच संपतो. १९१३ सालच्या ‘राजा हरिश्चंद्र’मध्ये तारामतीसाठी त्यांना स्त्री मिळाली नाही, ते काम अण्णा साळुंके यांनी केले, ही गोष्ट इथे शाळकरी मुलांनाही ठाऊक असते. याच शहरात ९ मार्च २००० रोजी अभिनेत्री उषा किरण गेल्या. वसईत १९२९ साली जन्मलेल्या या उषा मराठेंची हिंदी सिनेमाच्या इतिहासात बोळवण होते ती ‘सहनायिका’ या एका शब्दावर. हा शब्द त्यांच्या कामाला पुरत नाही. पन्नासच्या दशकातल्या सामाजिक चित्रपटात कथेचा नैतिक भार ज्या स्त्रीच्या खांद्यावर असे, तिचे नाव पुष्कळदा श्रेयनामावलीत दुसरे असे. आणि तो भार आवाज न चढवता पेलणे हे उषा किरण यांचे खास कसब होते.

दिग्दर्शक हृषीकेश मुखर्जी यांचा पहिला चित्रपट ‘मुसाफिर’ (१९५७) पाहावा. एकच भाड्याचे घर आणि त्यात पाठोपाठ राहून गेलेली तीन कुटुंबे. शेजारच्या ‘पगला बाबू’चे व्हायोलिन पहिल्या दोन कथांतही कानावर येते, माणूस दिसतो तो तिसऱ्या कथेत. तो दिलीपकुमार, आणि अपंग मुलाला घेऊन त्या घरात आलेली उमा ही त्याची एकेकाळची प्रेयसी. दोन कथा ज्याची वाट पाहायला लावली, तो समोर आल्यावर प्रेक्षकाला त्याचे आयुष्य कळते ते उमेच्या चेहऱ्यावरून. दिलीपकुमारांसारखा नट समोर असताना ऐकणाऱ्याची बाजू उषा किरण यांनी अशी सांभाळली आहे की राग, माया आणि अपराधीपण वेगळे काढता येत नाहीत. ही तिसरी, मरणाची कथा त्यामुळे रडारड होत नाही. ‘बादबान’साठी (१९५४) त्यांना फिल्मफेअरचे पारितोषिक मिळाले तेही सहाय्यक अभिनेत्रीचेच.

यावर कोणी म्हणेल की पहिली जागा मिळाली नाही म्हणून दुसरीचे गोडवे गायचे, एवढाच याचा अर्थ. नर्गिस, मधुबाला, मीनाकुमारी यांचे वलय उषा किरण यांना नव्हते, हे खरेच. पण अमिय चक्रवर्तींच्या ‘पतिता’त (१९५३) देव आनंदसमोर त्या नायिका होत्या, तीही अत्याचारातून मूल पदरी आलेल्या गरीब मुलीच्या अवघड भूमिकेत. इकडे मराठीत ‘शिकलेली बायको’ (१९५९) आणि ‘कन्यादान’ (१९६०) हे चित्रपट त्यांच्याच नावावर उभे राहिले. तीच नटी, तीच वर्षे; भाषा बदलली की क्रम बदलत होता. म्हणजे क्रम बाजार ठरवीत होता.

दुसरा आक्षेप मला अधिक गंभीर वाटतो. अशा संयमाचे कौतुक म्हणजे सोशिक बाईचेच कौतुक नव्हे काय? पुष्कळ पटकथा तशा होत्या, यात शंका नाही. मात्र सोसणे पात्राला लिहून दिलेले असते. ते किती दाखवायचे आणि कुठे थांबायचे, हे नटी ठरवते. उषा किरण थांबत, आणि त्या थांबण्यात पात्राचा स्वाभिमान दिसतो.

तुलनेसाठी जपानी अभिनेत्री सेत्सुको हारा पाहाव्यात. त्यांनी दिग्दर्शक ओझूंच्या ‘टोकियो स्टोरी’त (१९५३) विधवा सून केली. साठच्या दशकाच्या सुरुवातीला त्या पडद्यावरून दूर झाल्या, कामाकुरात राहिल्या, आणि त्यांच्या मौनाची जगभर आख्यायिका झाली. उषा किरण डॉ. मनोहर खेर यांच्याशी लग्न करून संसारात रमल्या, त्याला आपण नुसता ‘संसार’ म्हटले आणि पुढे चौकशीच केली नाही. त्या परतल्याही होत्या. ‘बावर्ची’त (१९७२) दुर्गा खोटे आणि त्या एका घरातल्या जावा आहेत, मग ‘चुपके चुपके’, आणि ‘मिली’त (१९७५) मरणाच्या दारातल्या लेकीची आई. हे तिन्ही चित्रपट हृषीकेश मुखर्जींचे. आपल्या पहिल्याच चित्रपटात ज्यांच्या चेहऱ्यावर त्यांनी शेवटची कथा सोपवली होती, त्यांनाच ते पंधरा वर्षांनी पुन्हा शोधत आले.