दुःख आणि दान



चौंडीच्या पाटलांची लेक अहिल्याबाई होळकरांच्या राजघराण्यात सून म्हणून गेल्या. १७५४ साली कुंभेरीच्या वेढ्यात पती खंडेराव पडले. सती जायला निघालेल्या सुनेला सासरे मल्हाररावांनी थांबवले. १७६६ मध्ये सासरे गेले, १७६७ मध्ये एकुलता मुलगा मालेराव गेला. १७९१ मध्ये जावई वारले आणि आईने विनवण्या करूनही मुलगी मुक्ताबाई सती गेली.

इतके मृत्यू पाहूनही अहिल्याबाईंचा हात देताना आखडला नाही. महेश्वरहून राज्य चालवताना त्यांनी आपल्या खासगीतून दूरदूरच्या तीर्थांवर विहिरी, घाट, धर्मशाळा, मंदिरे बांधली. १३ ऑगस्ट १७९५ रोजी त्या निवर्तल्या.

उन्हाळ्यात गोड्या पाण्याचे मोल आपल्या किनाऱ्याला सांगायला नको. तहानलेल्याच्या रूपात प्रभू स्वतः दारी येतो, अशी आपली श्रद्धा आहे. मग घरात मयत झाले की आपण दार लोटून का बसतो? रडावे, प्रभू येशूही लाजरसच्या कबरेपाशी रडला. पण गेलेल्या माणसासाठी मिस्सा सांगू, तेव्हा त्याच्याच नावाने एखाद्या गरजवंताची चूलही पेटवू.

प्रभू आपणांस तसे बळ देवो.