श्रद्धा आणि पाठशुद्धी

श्रद्धेने वाचल्या जाणाऱ्या ग्रंथात चूक असू शकते काय, आणि असल्यास ती दुरुस्त करणे हे भक्तीचे काम की धाडसाचे, हा प्रश्न मराठीत ज्ञानेश्वरीच्या निमित्ताने फार लवकर उभा राहिला. शके १२१२ मध्ये, म्हणजे इ. स. १२९० च्या सुमारास, सिद्ध झालेला हा सुमारे नऊ हजार ओव्यांचा गीताटीकाग्रंथ हस्तलिखित नकलांतून पसरला आणि नकलाकारांचे हस्तदोष व बदलती भाषा यांमुळे त्यात पाठभेद, म्हणजे एकाच ओवीची निरनिराळी रूपे, शिरले. संत एकनाथांनी शके १५०६ मध्ये (इ. स. १५८४) त्याची शुद्ध प्रत तयार केली आणि पुढे कोणी त्यात स्वतःची ओवी घालू नये, अशी ताकीदही दिली. हे संशोधन करणारा पुरुष स्वतः समर्थ कवी होता, तरीही ज्ञानेश्वरांच्या शब्दापुढे त्याने आपली प्रतिभा आवरली. त्यामुळे येथे चिकित्सा हे श्रद्धेचेच एक अंग ठरते.

पारायण, म्हणजे ग्रंथाचे आरंभापासून अखेरपर्यंत नेमाने केलेले वाचन, करणाऱ्याला पाठभेदांशी फारसे कर्तव्य नसते. सात दिवसांच्या सप्ताहात रोज हजाराहून अधिक ओव्या वाचताना अर्थ अनेकदा निसटतो, हे खरेच (त्यावरून पारायणाची टिंगल करणारे सुशिक्षितही कमी नाहीत). परंतु निसटलेली ओवी पुढच्या सप्ताहात पुन्हा समोर येते आणि तोवर वाचणाराही थोडा बदललेला असतो.