मोजदादीबाहेरचे युद्ध

बांगलादेशच्या १९७१ च्या मुक्तियुद्धातील शूरांची यादी १९७३ मध्ये जाहीर झाली. एकूण किताब ६७६, त्यांत स्त्रिया दोन: सैन्यातील डॉक्टर कॅप्टन सितारा बेगम आणि तारामन बीबी. नऊ महिने सारा देश होरपळत असताना बायका लढल्या त्या एवढ्याच, यावर कोण विश्वास ठेवील?

तारामन कुडीग्रामची, गरीब घरातली किशोरवयीन मुलगी. पाकिस्तानी लष्कराशी लढणाऱ्या मुक्तिवाहिनीच्या तळावर ती आली ती भात रांधायला. भांडी घासता घासता बंदुका पुसू लागली, मग चालवायलाही शिकली. वेड्या भिकारणीचे सोंग घेऊन तिने शत्रूच्या छावणीची टेहळणी केली. एकदा मंडळी जेवायला बसलेली असताना सुपारीच्या झाडावर चढून पहारा देणाऱ्या तारामनलाच पाकिस्तानी गनबोट आधी दिसली. किताब मिळाल्याचे मात्र तिला १९९५ पर्यंत ठाऊक नव्हते. एका संशोधकाने शोधून काढले, तेव्हा ती क्षयाने खंगलेली होती.

ती यादीत आली ती बंदुकीमुळे. नुसता भातच रांधला असता, तर तिचे नाव कुणी घेतले नसते. गनिमी युद्ध तर गावातल्या चुलीवरच चालते: रात्री-अपरात्री दार उघडणारी, पोरांना जेवू घालणारी, काडतुसे लपवणारी बाई नसेल तर लढवय्या दोन दिवस तग धरणार नाही. पाकिस्तानी लष्कराला हे नेमके कळले होते. आसरा दिल्याच्या संशयावरून त्याने गावेच्या गावे जाळली. शत्रूने ज्यांना युद्धात धरले, त्यांना स्वतंत्र देशाने युद्धाबाहेर ठेवले.

पाकिस्तानी सैनिकांचे लैंगिक अत्याचार सोसलेल्या स्त्रियांचे तर याहून विपरीत झाले. सरकारने त्यांना ‘वीरांगना’ म्हणून गौरवले, पण मुक्तियोद्ध्यांचा भत्ता आणि सवलती दिल्या नाहीत. गौरवाला खर्च येत नाही, हक्काला येतो. उलट त्या बिरुदानेच अनेकींना गावात तोंड दाखवणे कठीण केले. त्यांतल्याच एक, शिल्पकार फिरदौसी प्रियभाषिणी, १९९९ मध्ये आपल्यावरील अत्याचारांबद्दल उघडपणे बोलल्या. मुक्तियोद्धा म्हणून या स्त्रियांची नावे राजपत्रात येऊ लागली ती २०१५ मध्ये. तोवर कितीजणी मरून गेल्या होत्या.

म्हणून स्वातंत्र्ययुद्धातील स्त्रियांची आठवण काढताना बंदूकधारी नायिका शोधत बसणे पुरेसे नाही. त्याने यादीत चार नावे वाढतील, यादीची कसोटी तीच राहील. लढणे कशाला म्हणायचे, हे फक्त बंदुकीवाल्यांनी ठरवले, तर मिळालेल्या स्वातंत्र्याची वाटणीही तेच ठरवतात.