शिवी तेवढी लक्षात राहिली

१३ नोव्हेंबर १९६५, शनिवारची रात्र. बीबीसीवर थेट प्रसारित होणाऱ्या चर्चेत नाट्यसमीक्षक केनेथ टायननला सूत्रसंचालक रॉबर्ट रॉबिन्सनने विचारलं, रंगमंचावर संभोग दाखवणारं नाटक नॅशनल थिएटरमध्ये होऊ द्याल का? टायनन तेव्हा तिथला साहित्यिक व्यवस्थापक होता. त्याने होकार दिला आणि बोलता बोलता इंग्रजीतली सर्वांत वर्ज्य शिवी उच्चारली. कुणाला हासडली नव्हती. अशा शब्दाने आता कोण दचकतं, एवढंच त्याचं म्हणणं. पण गहजब झाला. खासदारांनी निषेधाचे ठराव मांडले.

विषय होता सेन्सॉरशिपचा. इंग्लंडमध्ये १७३७पासून नाटकाची संहिता लॉर्ड चेंबरलेन या दरबारी अधिकाऱ्याकडून मंजूर करून घ्यावी लागे. ती सक्ती १९६८मध्ये गेली. आपल्याकडे १९७२च्या ‘सखाराम बाइंडर’साठी दिग्दर्शक कमलाकर सारंगांना उच्च न्यायालयात जावं लागलं आणि संहिता तपासणारं परिनिरीक्षण मंडळ त्यानंतरही राहिलं. त्यामुळे लंडनची ती चर्चा मला परकी वाटत नाही. तिच्यातली शिवी तेवढी लोकांच्या लक्षात राहिली, याचं मात्र वाईट वाटतं.

टायननचा खरा रोखठोकपणा मला दिसतो तो मे १९५६मध्ये. लंडनच्या रॉयल कोर्ट थिएटरमध्ये ‘लुक बॅक इन अँगर’ हे नाटक आलं, बऱ्याच समीक्षकांनी नाकं मुरडली. ‘ऑब्झर्व्हर’ या वृत्तपत्रात टायननने लिहिलं की हे नाटक अल्पसंख्याकांनाच रुचेल, आणि लगेच त्यांचा आकडाही मांडला: सुमारे ६७,३३,०००, म्हणजे देशातली वीस ते तीस वर्षांची सगळी माणसं. ज्याला हे नाटक बघावंसं वाटत नाही, त्याच्यावर प्रेम करणं आपल्याला जमेल का, अशी शंकाही त्याने बोलून दाखवली. एवढं स्वतःला पणाला लावून लिहायला छाती लागते. आपल्याकडे समीक्षक माधव मनोहर मराठी नाटकाचं परदेशी मूळ शोधून छापत, त्या रोखठोकपणामागे अफाट वाचन असे.

मध्यंतरी एका ज्येष्ठ समीक्षकाच्या प्रकट मुलाखतीला गेलो होतो. पुढ्यात दोन कॅमेरे. एका नटाने दुसऱ्या अंकात चहाचा कप ओठांपर्यंत नेऊन तसाच खाली ठेवला, त्या एका हालचालीने संसार मोडल्याचं कसं कळलं, हे त्यांनी हाताने करून दाखवलं. सभागृह चिडीचूप होतं. नंतर चित्रफीत पाहिली. एका दिग्दर्शकाला त्यांनी ‘भंपक’ म्हटलं होतं, ते सुरुवातीलाच होतं. कप कुठेच नव्हता.