वस्त्राचे वाचन आणि निवडीचा अधिकार

वस्त्र ही एक भाषा आहे, हे विधान समीक्षेच्या क्षेत्रात आता इतके रुळले आहे की, ते तपासून पाहण्याची गरज सहसा कोणाला भासत नाही. रोलाँ बार्त यांनी १९६७ मध्ये प्रसिद्ध केलेल्या ग्रंथात फॅशनची चिन्हव्यवस्था भाषेच्या नमुन्यावर उलगडून दाखविली. परंतु त्यांनी अभ्यासासाठी निवडली होती ती प्रत्यक्ष अंगावरची वस्त्रे नव्हेत, तर फॅशनविषयक नियतकालिकांत शब्दांनी वर्णिलेली वस्त्रे. ही मर्यादा त्यांनी स्वतःच आखून घेतली होती. वसाहतकालीन दैनंदिन जीवनाकडे वस्त्रांच्या द्वारे पाहताना मात्र आपल्याला तिचा विसर पडतो. पगडी, कोट, लुगडे, जोडा यांना एकदा ‘संहिता’ मानले की, त्या संहितेला कर्ताही असला पाहिजे, असे आपण नकळत गृहीत धरतो. आणि वस्त्र धारण करणारी व्यक्ती हीच ती कर्ती, असे ठरवून अर्थनिर्णयनास प्रारंभ करतो. हे गृहीतक केवळ पद्धतीच्या अंगाने नव्हे, तर नैतिक अंगानेही तपासले पाहिजे.

१८६२ मध्ये सुरत येथे घडलेला एक प्रसंग या दृष्टीने उद्बोधक आहे. फौजदारी अदालतीत असेसर असलेले माणेकजी कावसजी एंटी यांनी सत्र न्यायाधीशापुढे जाताना जोडे काढण्यास नकार दिला. देशी माणसाने जोडे काढणे हा आदराचा भाग आहे, आणि तो रिवाज आम्ही तुमच्याकडूनच घेतला आहे, अशी राज्यकर्त्यांची भूमिका होती. तिच्यात तथ्यांश होताच. घराच्या उंबऱ्याशी किंवा देवळाच्या पायरीशी जोडे काढणारा माणूस शुचितेचा एक संकेत स्वेच्छेने, निदान सवयीने, पाळत असतो. तीच कृती न्यायालयाच्या दाराशी सक्तीने करावी लागली की, तिचा अर्थ पालटतो. जोडा तोच, पाय तोच, कृतीही तीच. बदलले आहे ते एवढेच की, तिचा अर्थ ठरविण्याचा अधिकार आता दुसऱ्याच्या हाती गेला आहे. म्हणूनच ‘हे वस्त्र काय सांगते?’ हा प्रश्न ‘ते कोणाच्या आज्ञेने, कोणाच्या भयाने वा कोणाच्या सोयीने अंगावर आले?’ या प्रश्नाच्या आधी विचारता येत नाही.

हा क्रम उलटा होण्यास आपली साधनसामग्रीही कारणीभूत आहे. वस्तुसंग्रहालयांत पैठणी, शालू, शेले, अंगरखे जतन झाले. छायाचित्रकाराच्या दालनात मंडळी नटूनथटून बसली आणि तीच छबी पुढील पिढ्यांच्या हाती आली. ज्याला आपण ‘दैनंदिन’ म्हणतो, ते या सामग्रीत जवळजवळ नाही. शेतकरणीचे लुगडे जीर्ण झाले की दंड घालून पुन्हा नेसले जाई. तेही विरले की वाकळेच्या थरांत शिवले जाई, आणि वाकळ फाटली की तिच्या चिंध्या पोतेऱ्याच्या कामी येत. गरिबाचे वस्त्र संग्रहात आढळत नाही, कारण ते पूर्णपणे वापरून संपविले गेले. अभ्यासकाला त्याची अनुपस्थिती दिसते. पण ती अनुपस्थिती हाच त्या जीवनाविषयीचा सर्वांत विश्वसनीय पुरावा असू शकतो, हे त्याच्या ध्यानी येतेच असे नाही.

अशा अनुपस्थितांचे प्रतिनिधित्व कोणी व कसे करावे, हा प्रश्न जोतीराव फुले यांनी १८८८ च्या मार्चमध्ये पुण्यात एका मेजवानीच्या प्रसंगी उभा केला. राणी व्हिक्टोरियाचे पुत्र ड्यूक ऑफ कॅनॉट यांच्या सन्मानार्थ हरी रावजी चिपळूणकर यांनी दिलेल्या या मेजवानीस प्रतिष्ठित निमंत्रित उंची पोशाखात आले होते. फुले शेतकऱ्याच्या वेषात आले. येथे जमलेले हे श्रीमंत लोक म्हणजे हिंदुस्थान नव्हे. खरी प्रजा पाहावयाची तर खेड्यांत जावे, अशा आशयाचे भाषण त्यांनी केले. आता प्रश्न असा की, जोतीराव हे बांधकामाची कंत्राटे घेणारे शहरवासी गृहस्थ होते; हा त्यांचा नित्याचा पोशाख नव्हता. मग याला उसना वेष म्हणावे काय? तसा आक्षेप घेता येतो, आणि तो क्षुल्लक नाही. घरी परतल्यावर त्यांना तो वेष उतरविता येत होता, शेतकऱ्याला येत नव्हता. तथापि, ज्या दालनात त्या शेतकऱ्याला प्रवेशच नव्हता, तेथे त्याचे दारिद्र्य दृश्य करणे हे त्या कृतीचे प्रयोजन होते. १८८३ च्या ‘शेतकऱ्याचा असूड’मध्ये त्यांनी शेतकऱ्याच्या विपन्नावस्थेची कारणे सारापद्धतीत, नोकरशाहीत आणि भटकामगारांच्या वर्चस्वात शोधली होती. त्या कारणमीमांसेचा आधार असल्यामुळेच हा वेष केवळ देखावा ठरत नाही.

याच्या नेमक्या उलट दिशेची कृती डिसेंबर १९२७ मध्ये महाड येथे आढळते. परिषदेस आलेल्या स्त्रियांना डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांनी असा उपदेश केला की, ज्या पद्धतीच्या लुगड्यावरून व दागिन्यांवरून तुमची अस्पृश्यता ओळखली जाते, ती पद्धत टाकून द्या. स्त्रियांनी तो तत्परतेने आचरणात आणला. वरवर पाहता फुले दीनांचा वेष धारण करतात आणि आंबेडकर तो टाकावयास सांगतात. परंतु दोहोंमागील तत्त्व एकच आहे. लादलेला वेष हा लादलेला आहे, हे उघड करणे, हे ते तत्त्व होय. आपल्या जनसमूहाची ओळख म्हणून पंचाच पुरेसा मानणारे गांधीजींचे १९२१ मधील मदुराई येथील व्रतही याच कसोटीवर पाहावे लागेल. ज्याला वस्त्रत्यागाची निवड उपलब्ध आहे, त्याच्या त्यागाला अर्थ प्राप्त होतो. ज्याच्यापाशी टाकण्याजोगे काही नाही, त्याच्या उघड्या अंगाला आपण त्याच अर्थाने ‘वाचू’ लागलो, तर तो अन्याय होतो.

येथे एक सावधगिरी आवश्यक आहे. ज्यांना निवड नव्हती, त्यांना अभिरुचीही नव्हती, असा निष्कर्ष काढणे हा दुसरा अन्याय ठरेल. मुंडासे बांधण्याची ढब, काठाचा रंग, बाजारच्या दिवशी राखून ठेवलेली पैरण यांत अत्यल्प अवकाशातही निवड होत असे. त्या अवकाशाची रुंदी मोजणे हे अभ्यासकाचे पहिले काम आहे. केशवपन झालेल्या विधवेचे आलवण आणि वकिलाचा कोट ही एकाच चिन्हव्यवस्थेतील दोन चिन्हे मानून त्यांची तुलना करणारे विवेचन कितीही चतुर असले, तरी एकाने आरशात पाहून ठरविले आणि दुसरीला आरसाच नाकारण्यात आला, हे त्याने आधी नोंदविले पाहिजे. ते नोंदविल्यानंतरही अर्थनिर्णयन शक्य आहे. फक्त ते अधिक सावकाश, आणि मौनाला वक्तव्य न समजता करावे लागेल.